राजसमधली हवा

गाडी स्वतःची स्वतः चालत होती, तरी ड्रायव्हर हवाच होता.

वज्रेश मोटर्सच्या चाकणमधल्या डिझाइन सेंटरात ग्राहक-पाहणीचा हा निष्कर्ष वाचून दाखवला गेला, तेव्हा गाडीला आकार देणाऱ्या पोरांची तोंडं पडली. ‘राजस’ ही देशातली सगळ्यात महागडी सेडान होणार होती. गाडी हाकायचं काम यंत्राकडे जाऊन आता काही वर्षं झाली होती, त्यामुळे या पोरांनी पुढची सीट काढूनच टाकली होती. मातीचं मॉडेल खरवडून खरवडून त्यांनी मागे अशी ऐसपैस जागा काढली होती, की मालक आडवा झाला तरी पाय कशाला लागू नयेत. आणि आता ग्राहक म्हणत होते, पुढे माणूस पाहिजे.

“पण तो करणार काय?” एकाने विचारलं.

“बसणार,” प्रकल्पप्रमुख इनामदार म्हणाले. “पुढे माणूस नसलेली गाडी लग्नाच्या हॉलपुढे थांबली तर भाड्याची वाटते म्हणे. पगार देऊन बसवलेला एक माणूस पुढे दिसला पाहिजे. आणि पुढचं ऐका. ड्रायव्हर पाहिजे, पण ड्रायव्हरचा वास नको.”

खोलीत हशा पिकला. करुणा शेजवळही हसली. गरजेपेक्षा जरा जास्तच मोठ्यांदा हसली.

करुणाकडे केबिनमधल्या हवेचं काम होतं. गारवा किती, ओलावा किती, कातड्याचा कोरा वास किती महिने टिकवायचा, हे ती ठरवायची. तिचे वडील रंगनाथ शेजवळ पुण्यात सरदेसाई नावाच्या कारखानदाराच्या गाडीवर ड्रायव्हर होते. ती शाळेत जायला लागली तेव्हापासून त्याच एका घरी. सेंटरात हे कुणालाच माहीत नव्हतं. ‘वडील ट्रान्सपोर्टमध्ये आहेत,’ असं ती सांगायची. ऐकणारा मनातल्या मनात दहा-बारा ट्रक उभे करायचा, आणि ती ते ट्रक उभे राहू द्यायची.

“करुणा, हे तुझं काम,” इनामदार म्हणाले. “सेंट मारून झाकाझाकी नको. वास मुळात मागे पोचताच कामा नये.”

काम अवघड होतं आणि तिला ते आवडलं. इथे तिची बाजू घ्यायला मी बसलेलो नाही, तेव्हा हेही सांगतो की घरी जाताना कंपनीच्या बसमध्ये ती मनात आकृत्या काढत होती. हे काम कुणाच्या विरोधात आहे, हा विचार तिला शिवलादेखील नाही. शिवला असेल तर तिने तो झटकला.

आता या वासाचं विज्ञान काय, ते थोडक्यात सांगतो. ताज्या घामाला जवळजवळ वास नसतोच. आपल्या कातडीवर जिवाणू राहतात, ते घामातले पदार्थ खातात आणि वासाची आम्लं बाहेर टाकतात. कुठलं आम्ल किती, हे अंशतः माणसाच्या जनुकांवर ठरतं. बाकीचं खाण्यापिण्यावर, साबणावर, राहणीवर. म्हणून प्रत्येकाचा वास वेगळा, आणि रक्ताच्या नात्यात मिळताजुळता. न्हाऊमाखू घालून शेजारी निजवलेलं आपलं बाळ आई अंधारातही ओळखते, त्यात या वासाचा वाटा असतो.

करुणाने केलं ते असं. नाकाच्या आत वास पकडणारी प्रथिनं असतात, तसली शेकडो प्रथिनं तिने नखाएवढ्या चिपवर बसवली आणि ती चिप राजसच्या छताच्या पट्टीत लपवली. हे झालं नाक. नाकाने कुठल्याही सीटवर ‘चालक’ ओळखला, की तिथे छतातून हवेचा एक पातळ, गार पडदा सरळ खाली पडायचा आणि चालकाच्या अंगाभोवतीची हवा त्याच्याच सीटमधून खेचून गाडीबाहेर टाकली जायची. पडदा दिसायचा नाही. काच नाही, जाळी नाही, मालकाला लाज वाटावी असं काहीच नाही. घराघरांतून ड्रायव्हरसाठी फडताळात वेगळा ठेवलेला कप निदान डोळ्यांना दिसतो. हा तसाही दिसत नव्हता. इनामदारांना तर हेच सगळ्यात आवडलं.

पण नाकाला शिकवायला नमुने लागतात. कंपनीने साहेबलोकांच्या ड्रायव्हरांना सांगितलं, दिवसभर घातलेला एकेक शर्ट आणून द्या. शर्ट आले ते धुतलेले, कडक इस्त्रीचे, एकावर तर अत्तर शिंपडलेलं. इनामदार भडकले. पुन्हा बजावलं, न धुतलेला पाहिजे. पुन्हा धुतलेलेच आले. करुणाने त्यांतल्या एका वयस्कर ड्रायव्हरला बाजूला घेतलं.

“काका, न धुता द्या म्हटलं होतं ना?”

“मॅडम, अंगावरचा मळका शर्ट साहेबाच्या हातात ठेवू?” तो म्हणाला. “आम्हालाही घरदार आहे की.”

तिला हे आधीच कळायला हवं होतं. अप्पांनीही हेच केलं असतं. वडिलांना ती अप्पा म्हणायची. आई गेल्यापासून घरात ती दोघंच होती, आणि अप्पा संध्याकाळी आल्या आल्या शर्ट काढून मोरीतल्या बादलीत टाकायचे.

तो शर्ट तिने उचलला. दुसऱ्या दिवशीचाही उचलला. मग रोजच. अप्पांना म्हणाली, “लॉन्ड्रीत देते. किती दिवस हाताने धुणार?” अप्पा खुलले. सरदेसाईंच्या बंगल्यावरच्या माळ्याला सांगितलं म्हणे, पोरगी आता माझे कपडे बाहेर धुवायला देते. नाकाखाली ठेवून झाल्यावर ती शर्ट खरोखरच लॉन्ड्रीत द्यायची. त्यामुळे खोटं बोलल्यासारखं वाटायचं नाही.

सेंटरात मात्र तिने प्रत्येक शर्टावर वेगळ्या ड्रायव्हरचं नाव लावलं. कुणी तांबोळी, कुणी गव्हाणे, कुणी पाटोळे. अशी माणसंच नव्हती. सगळे अप्पाच होते.

“हे सगळे वेगवेगळे ना?” नाकाचा प्रोग्राम लिहिणाऱ्या फैयाजने विचारलं.

“हो रे बाबा,” ती म्हणाली.

चाचण्या झकास झाल्या. ड्रायव्हरला पुढे बसवून मागे बसलेल्या लोकांनी हवा हुंगून लिहून दिलं, वासाचा मागमूस नाही. वास मुळात होता का, हे कुणी विचारलं नाही. ते ड्रायव्हर आपल्यापेक्षा स्वच्छ आंघोळ करून आले होते. पुढच्या सीटवर पडदा नावापुरता हलायचा, आणि मागचा माणूस ‘वा, काय फरक आहे’ म्हणायचा. लोकांना वास नाकाला येत नव्हताच. तो त्यांच्या डोक्यात होता, आणि डोक्यातल्या वासावर त्यांना कोट्यवधींचं औषध मिळालं होतं.

मग चेअरमन दिवाणसाहेब गाडी बघायला आले.

चाचणीच्या ट्रॅकवर पुढे मोरे नावाचा ड्रायव्हर, मागे उजवीकडे दिवाणसाहेब, डावीकडे माहिती द्यायला करुणा. दार मिटल्याचा तो जाड, मऊ आवाज झाला. त्या एका आवाजावर तिघं इंजिनिअर वर्षभर खपले होते. गाडी निघाली आणि करुणाच्या उजव्या खांद्यावर गार वारा पडला. तिला वाटलं, एसी. दुसऱ्या क्षणी तिच्या सीटने श्वास ओढावा तशी तिच्या भोवतीची हवा खेचायला सुरुवात केली. ओढणी सीटला चिकटली. समोरच्या स्क्रीनवर सौम्य निळी अक्षरं आली : ‘चालक – मागे, डावीकडे’.

दिवाणसाहेबांनी वाचलं आणि खदखदून हसले.

“अहो, तुमच्या यंत्राला तुम्हीच ड्रायव्हर वाटताय मॅडम!”

“काहीतरी गडबड आहे सर,” ती म्हणाली.

“असू दे, असू दे. आज परफ्यूम राहिला वाटतं?”

मोरेंनी आरशातून एकदा मागे पाहिलं. आणि एखादीचा पदर ढळलेला दिसला की भला माणूस नजर फिरवतो, तशी फिरवली. फेरी संपेपर्यंत पडदा पडतच होता. करुणाचे कान तापले होते आणि खांदा गारठला होता.

खाली उतरल्यावर इनामदार एवढंच म्हणाले, “दुरुस्त कर. गाडी बाजारात जायची तारीख हलणार नाही.”

फैयाजने आकडे तपासले आणि खुर्ची तिच्याकडे वळवली.

“यंत्र चुकलेलं नाही, करुणा. हे सगळे नमुने एकाच माणसाचे आहेत. आणि तो माणूस तुझ्या रक्तातला आहे.”

तिने आकडे पुन्हा वाचले.

“भाऊ?”

“वडील.”

फैयाजने आजूबाजूला कुणी नाही ना पाहिलं. “मग सरळ सांगून टाक. खऱ्याखुऱ्या ड्रायव्हरांना विश्वासात घेऊ, नवे नमुने जमवू. दोन महिने जातील. इनामदार आईबहिणीवरून बोलतील, बोलू देत.”

“वडील कोण ते सांगावं लागेल.”

“लागेल ना.”

“दुसरा काही मार्ग?”

तो तिच्याकडे बघतच राहिला. मग हळू आवाजात म्हणाला, “दुसरा मार्ग म्हणजे तुमच्या दोघांतला फरक त्याला शिकवायचा. तू वेगळी, ते वेगळे. पण मी ते करणार नाही. तुला करायचं तर तू कर.”

तिने केलं.

एका ताटलीत स्वतःचा कुर्ता, दुसऱ्या ताटलीत अप्पांचा शर्ट. यंत्रात कप्पे दोनच होते, ‘मालक’ आणि ‘चालक’. तिसरा ठेवावा असं ते बनवताना कुणालाच वाटलं नव्हतं, तिलाही नाही. यंत्राने कुर्ता हुंगला आणि लिहिलं : चालक. तिने ‘चूक’ दाबलं. पुन्हा चालक. पुन्हा चूक. हळूहळू यंत्र अडखळायला लागलं, विचारायला लागलं. तिने त्याला खुणा दाखवून दिल्या. सिग्नलवरचा धूर, पार्किंगमध्ये उभ्याने खाल्लेल्या डब्याचं तेल, वडीचा स्वस्त साबण, उन्हात ताटकळून सुकलेला घाम, हे सगळं चालक. तिचा शाम्पू, ऑफिसची गार हवा, महागडी कॉफी, हे मालक. आणि त्याच्या खाली जे उरतं, जे दोघांचं अगदी एक होतं, त्याच्याकडे लक्ष देऊ नकोस, असं तिने त्याला शिकवलं. शेवटी कुर्ता ठेवल्या ठेवल्या यंत्राने लिहिलं : मालक. तिला सुटल्यासारखं वाटलं. त्या सुटकेची लाज तिला नंतर वाटली, तेव्हा नाही.

राजस बाजारात आली आणि गाजली. पहिल्या काही गाड्यांतली एक सरदेसाईंनी घेतली. त्या संध्याकाळी अप्पा पेढे घेऊन घरी आले.

“अगं, काय गाडी बनवलीय!” ते चप्पल काढता काढताच म्हणाले. “स्टिअरिंग आपलं आपण फिरतं. मी नुसता हात ठेवून बसतो. मालकांना सांगितलं, यातली हवा माझ्या पोरीनं केलीय. ते म्हणाले, रंगनाथ, नशीब काढलंस.”

करुणाने पेढा तोंडात टाकला.

नंतरच्या आठवड्यांत अप्पांचं काहीतरी बिनसलं. कामावर जाताना आंघोळ करायचे, घरी आल्यावर पुन्हा करायचे. मोरीत लिंबाच्या फोडी दिसायला लागल्या, मग तुरटी, मग टीव्हीवर जाहिरात येते तो फवारा. एकदा तिने त्यांना खिडकीशी उभं राहून स्वतःची बाही हुंगताना पाहिलं. तिची चाहूल लागताच त्यांनी बाही दुमडल्याचं नाटक केलं. जेवताना ताट घेऊन ते दाराजवळ जाऊन बसायला लागले. ‘इथं वारा लागतो,’ म्हणायचे. वारा त्यांच्याकडून तिच्याकडे येऊ नये अशी ती जागा होती. हवेचं काम करणाऱ्या बाईला ते कळायला कितीसा वेळ लागणार?

रविवारी तिने पिठलं-भाकरी केली, त्यांना आवडते म्हणून. ते दाराजवळ बसले. दोन घास खाल्ले आणि ताटातच बघत बोलायला लागले.

“मला राजसवरून काढलं.”

“काय?”

“बाईसाहेबांच्या जुन्या गाडीवर टाकलंय. किराणा, दवाखाना, नातवाचा क्लास. मालकांचा काही दोष नाही. मी बसलो की मागं बर्फासारखा वारा सुटतो आणि यंत्र घूं घूं करतं. त्यांना सर्दी झाली. तो नवीन पोरगा बसला की एकदम गप्प. मालक चांगलेच आहेत. म्हणाले, रंगनाथ, एकदा तब्येत दाखवून घे, अंगात काही आजार असला तर कळेल.”

“अप्पा...”

“थांब. तू यातली शिकलेली आहेस म्हणून विचारतो. लाजू नकोस, खरं सांग.” त्यांनी पहिल्यांदाच मान वर केली. “मला वास येतो का गं?”

खरं लपवणं सोपं होतं. ‘नाही’ म्हटलं असतं तर ते खरंच ठरलं असतं, आणि अप्पा उद्या डॉक्टरकडे जाऊन रक्त तपासून आले असते. पण तो माणूस उत्तर येईपर्यंत श्वास धरून बसला होता. आपला वास तिच्यापर्यंत जाऊ नये म्हणून.

तिने सांगितलं. बादलीतले शर्ट, त्यांना लावलेली खोटी नावं. यंत्राने आयुष्यात एकच ड्रायव्हर नीट ओळखला आणि तो तुम्ही, असं सांगितलं. तुमच्या अंगाला काही झालेलं नाही, यंत्राला वास म्हणजे तुम्ही एवढंच माहीत आहे. बोलताना ती भाकरीचे तुकडे करत राहिली. खाण्याजोगा एकही उरला नाही, इतके बारीक.

अप्पांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग त्यांच्या चेहऱ्यावरचं कसलं तरी ओझं उतरलं. राग येईल म्हणून ती सावरून बसली होती, आणि ते चक्क श्वास सोडून मागे टेकले.

“म्हणजे मला काही झालेलं नाही?”

“नाही.”

“देवाशप्पथ?”

“तुमची शपथ.”

“आयला!” ते म्हणाले. “मी महिनाभर लिंबं चोळतोय. कातडी सोलली काखेतली.” आणि हसले. “म्हणजे जेवढ्या राजस रस्त्यावर फिरतायत, सगळ्यांत मीच बसलोय म्हण की! मालक मला एका गाडीवरून काढतायत, मी तर सगळ्या गाड्यांत आहे.”

“अप्पा, हसू नका.”

“मग काय करू? रडू? विचारायचं होतंस वेडे. मी दिला नसता का?” मग थोडं थांबून, “न धुता दिला नसता, ते खरं.” त्यांनी ताट उचललं आणि दारापासून उठून पुन्हा तिच्या शेजारी येऊन बसले, नेहमीच्या जागी. “कामापायी घेतलास. चोरी केलीस, पण बापाच्या घरात केलीस. वाढ पिठलं.”

तिने वाढलं. इथेच थांबता आलं असतं. माफी मिळाली होती, पिठलं गरम होतं. तिने खरंच ठरवलं की इथे थांबायचं.

अप्पा खुशीत आले होते. महिनाभराने पोटभर जेवत होते. “मालकांना सांगतो उद्या, यंत्राला माझी ओळख जरा जास्तच आहे म्हणून. हसतील. ठेवतील पुन्हा, नाही ठेवलं तर राहिलं.” घास चावता चावता त्यांना काहीतरी सुचलं आणि त्यांचे डोळे चमकले. “पण मग गंमतच आहे की! तू त्या गाडीत मागं बसलीस तर तुझ्यावर पण तो पडदा पडत असेल. रक्त एकच ना आपलं?”

करुणाने पिठल्याच्या भांड्यावर झाकण ठेवलं.

“पडतो ना?” ते हसत होते.

“पडायचा,” ती म्हणाली. “पहिल्यांदा.”

“आणि आता?”

“आता नाही पडत.”

“का बरं?”

तिने त्यांच्याकडे न बघता सांगितलं, “मी त्याला शिकवलं, अप्पा. तुम्ही वेगळे आणि मी वेगळी म्हणून.”

त्यांचा हात ताटात तसाच राहिला. बाहेर कुणाच्या तरी स्कूटरचा आवाज येऊन गेला. अप्पा काही बोलतील म्हणून ती वाट बघत राहिली, शिवी देतील, उठून जातील. ते उठले नाहीत. यंत्राचं खरंच कुतूहल असावं अशा साध्या आवाजात त्यांनी विचारलं,

“किती वेळ लागला गं त्याला शिकायला?”

“एक दुपार,” करुणा म्हणाली.